मांडवीवरील जुनी फेरीबोट : तिची सेवा व तिची निवृत्ति

आमच्या धर्मग्रामाच्या महोत्सवी पुस्तिकेंत धर्मगुरूंच्या, धर्मभगिनींच्या आणि प्रापंचिकांच्या कार्याचा वृत्तांत वाचकांस अन्यत्र सांपडेल. प्रस्तुत लेखाचा विषय जरा निराळा आहे. समुद्रापासून शेंकडों मैल दूर, कापसाच्या व संत्र्यांच्या मुलुखांत, रेल्वेच्या रुळांशेजारीं वसलेल्या बुटीबोरीच्या लोकांनीं गोव्यांतील एका फेरीबोटीचा इतिहास कां वाचावा, असा प्रश्न कोणीहि विचारील. त्यास आमचें उत्तर असें कीं, महोत्सव म्हणजे सेवेचा हिशेब होय. या हिशेबांत बोलक्या सेवकांचीं नांवें आपोआप येतात. मुक्या सेवकांचीं नांवें मुद्दाम शोधून घालावीं लागतात. मांडवी नदीवरील फेरीबोट ही अशीच एक मुकी सेविका आहे. तिला एकदां सेवानिवृत्त केलें गेलें, पुढें संकटकाळीं परत बोलाविलें गेलें, आणि पुन्हा मागें सारलें गेलें. तिच्या चरित्रांत आमच्या गांवालाहि कांहीं शिकण्यासारखें आहे, असें आम्हांस वाटतें.

नदी उतरण्याचा प्रश्न आमच्या प्रांताला अपरिचित नाहीं. वेणा, वर्धा, वैनगंगा या नद्या उन्हाळ्यांत पायउतार होतात. परंतु पावसाळ्यांत त्यांचें रूप पाहून धीट माणसाचीहि छाती दडपते. पूल नव्हते त्या काळीं ढीवर व भोई आपल्या डोंग्यांतून लोकांस पैलतीरीं नेत. इंग्रजी अमलांत १८७८ सालीं उत्तर हिंदुस्थानांतील उतारांसंबंधीं जो कायदा झाला, तो मध्यप्रांतासहि लागू होता. सरकारी उतारांचे मक्ते लिलावानें देण्याची व्यवस्था त्यांत होती. १८६७ सालीं मुंबईची रेल्वे नागपुरास येऊन पोंचली. पुढें सडकांवर पूल बांधले गेले, आणि डोंगेवाल्यांचा धंदा हळूहळू आटला. त्यांचीं नांवें कोणत्याहि शिलालेखावर कोरलेलीं नाहींत. म्हणून ज्या प्रदेशांत नावेचें राज्य अधिक काळ टिकलें, त्या गोव्याकडे आतां वळूं.

गोव्याचा नकाशा पाहिला म्हणजे नद्यांचें महत्त्व तत्काळ ध्यानीं येतें. पणजी व जुनें गोवें ज्या तिसवाडी तालुक्यांत आहेत, त्याच्या उत्तरेस मांडवी, दक्षिणेस जुवारी, आणि पूर्वेस या दोन नद्यांस जोडणारा कुंभारजुव्याचा कालवा आहे. अर्थात् ही भूमि चोहोंकडून पाण्यानें वेढलेली आहे. उत्तरेस बार्देस, दक्षिणेस सासष्टी; कोठेंहि जावयाचें झालें तरी पाणी ओलांडणें प्राप्तच. संत फ्रान्सिस झेवियर १५५२ सालीं ३ डिसेंबर रोजीं चीनच्या किनाऱ्याजवळील सानचियान बेटावर दिवंगत झाले. १५५४ च्या मार्च महिन्यांत त्यांचें पार्थिव शरीर गोव्यास आणलें गेलें, तेंहि जलमार्गानेंच. पुढें सतराव्या शतकांत, १६३३-३४ च्या सुमारास, लिन्यारिश या व्हाइसरॉयच्या कारकिर्दींत पणजी व रायबंदर यांस जोडणारा लांब दगडी बांध घालण्यांत आला. तो आजहि उभा आहे. परंतु तो नदीच्या कडेनें जातो. भर मांडवीवरून पलीकडच्या बेतीस नेणारा पूल बांधण्यास आणखी तीनशें वर्षांहून अधिक काळ लोटावा लागला.

१८४३ सालीं पणजीस राजधानीचा दर्जा मिळाला, तेव्हांपासून बेती-पणजी हा उतार गोव्यांतील एक मुख्य उतार होऊन बसला. प्रथम वल्ह्यांच्या व शिडांच्या होड्या, नंतर यंत्रावर चालणाऱ्या लहान लाँची आल्या. या लाँचींस लोक त्यांच्या इंधनावरून ‘गाझोलिन’ म्हणत. पुढें मोटारी वाढल्या तशी माणसांबरोबर मोटारींसहि नेणारी सपाट तळाची रुंद बोट आली. हीच आमची कथानायिका.

पुलाच्या अभावाचें राजकीय महत्त्व १९६१ सालीं साऱ्या देशाच्या प्रत्ययास आलें. १८ डिसेंबर रोजीं हिंदी सैन्याच्या तुकड्या सायंकाळच्या सुमारास बेतीस येऊन ठेपल्या. समोर पणजीचे दिवे. मध्यें सुमारें पांचशें मीटर रुंद मांडवी. सैन्यानें ती रात्र बेतीसच काढली, आणि दुसऱ्या दिवशीं सकाळीं नदी ओलांडून पणजी ताब्यांत घेतली. साडेचारशें वर्षांची परकीय सत्ता ज्या घटकेस संपली, त्या घटकेसहि या पाण्याची परवानगी घ्यावी लागली, असें म्हटल्यास अतिशयोक्ति होणार नाहीं.

आतां ही बोट काम कशी करते तें सांगतों. तिचा तळ सपाट असतो, कारण धक्क्याजवळ पाणी उथळ असतें. पुढील बाजूस लोखंडी फळा असतो. तो साखळदंडांनीं खालीं सोडला म्हणजे किनारा व बोट यांमध्यें जणूं लहानसा पूलच तयार होतो. किनाऱ्यावरील धक्का उतरता बांधलेला असतो, व त्याचें टोंक पाण्यांत गेलेलें असतें. भरती-ओहोटीप्रमाणें पाण्याची पातळी बदलते, म्हणून बोट कधीं उताराच्या वरच्या भागास लागते, कधीं खालच्या. वाहनें चढत-उतरत असतां तांडेल यंत्र बंद करीत नाहीं. बोटीचें नाक किनाऱ्यास दाबून धरण्यासाठीं तें चालूच ठेवावें लागतें. जुन्या बोटींस फळा एकाच बाजूस असल्यामुळें भर नदींत वळण घ्यावें लागे, आणि मोटार चालविणारास पुष्कळदां मागें मागें जाऊन चढावें किंवा उतरावें लागे. नवशिक्याच्या कपाळीं घाम येई. पण खलाशी हाताच्या खुणेनें त्यास सांभाळून नेत.

हें काम दिसतें तितकें सोपें नाहीं. ओहोटीचा ओघ बोटीस समुद्राकडे ओढतो, भरतीचा ओघ वर रेटतो. पावसाळ्यांत डोंगरांतून येणारें गढूळ पाणी निराळेंच बळ दाखवितें. शिवाय लोखंडाचें खनिज वाहून नेणारीं मोठीं गलबतें, ज्यांस तेथें बार्ज म्हणतात, त्यांचा हमरस्ता मांडवीच होती. त्यांचा मार्ग नदीच्या लांबीनें, फेरीबोटीचा रुंदीनें. दोहोंच्या मार्गांस रोज अनेक वेळां छेद जाई. अशा स्थितींत तांडेलाची नजर व अनुभव यांवरच शेंकडों लोकांचे प्राण अवलंबून असत.

या बोटीवर कोणत्या प्रकारचें जीवन चाले, याचें चित्र वाचकांनीं डोळ्यांपुढें आणावें. म्हापशाच्या शुक्रवारच्या बाजारास जाणारे लोक, मासळीच्या टोपल्या घेतलेल्या स्त्रिया, कचेरींतील कारकून, शाळेंतील मुलें, सायकली, दुचाक्या, मोटारी, सर्व एकाच फळ्यावरून चढत. बोटींत बैठकीचे वर्ग नसतात. श्रीमंताची मोटार व गरिबाची टोपली यांस तेथें एकाच वेळीं थांबावें लागतें आणि एकाच वेळीं पलीकडे पोंचतां येतें. ६ जानेवारीस रेइश मागुशच्या देवळांत तीन राजांचा सण असतो. तें देऊळ बार्देसच्या काठीं, बेतीच्या पलीकडे आहे. उत्सव असो कीं अंत्यविधि असो, बार्देस व तिसवाडी यांमधील नातेसंबंध कित्येक पिढ्या या पाण्यावरूनच सांभाळले गेले.

१९७० च्या सुमारास मांडवीवर नेहरू पूल झाला. तेव्हां लोकांस झालेला आनंद यथार्थच होता. ज्या नदीसाठीं रांगेंत तिष्ठत बसावें लागे, ती आतां मोटारींतून क्षणार्धांत मागें पडूं लागली. पुढें १९८३ सालीं जुवारीवर पूल झाला, आणि आगशी व कुठ्ठाळी यांमधील प्रसिद्ध फेरीलाहि विश्रांति मिळाली. उत्तरेकडून दक्षिणेकडे जाणारा हमरस्ता आतां अखंड झाला. फेरीबोटीचें मुख्य कार्य संपलें, असेंच सर्वांनीं मानलें. जुन्या नोकरास निवृत्तिवेतन देऊन ओसरीवर बसवावें, त्याप्रमाणें ती बेटांवरील व काठांवरील गांवांची किरकोळ कामें करीत राहिली.

परंतु १९८६ सालीं ५ जुलै रोजीं, ऐन पावसाळ्यांत, नेहरू पूल कोसळला. त्याचें वय अवघें सोळा वर्षांच्या आसपास होतें. पोलादाच्या ताणलेल्या तारा काँक्रीटच्या पोटांत घालून असे पूल बांधितात. समुद्राच्या खाऱ्या हवेनें व दमटपणानें त्या तारा आंतून गंजल्या, असें पुढें निष्पन्न झालें. बाहेरून पूल धडधाकट दिसत होता. व्याधि आंत होती.

येथें क्षणभर थांबून एक गोष्ट विचारांत घ्यावी. जें मीठ पुलास खाऊन गेलें, तेंच मीठ फेरीबोटीसहि रात्रंदिवस खात असतें. किंबहुना बोट तर खाऱ्या पाण्यांत उभीच असते. मग ती कशी टिकते? ती टिकते याचें कारण तिचा अशक्तपणा सर्वांस ठाऊक असतो. तिला ठराविक काळानें पाण्याबाहेर ओढून काढतात, बुडास चिकटलेले शिंपले व शेवाळ खरवडतात, पत्रा किती झिजला तें मोजतात, झिजलेला तुकडा कापून नवा जोडतात, आणि रंगाचे थर देऊन मग पाण्यांत सोडतात. नदींत चालणाऱ्या यांत्रिक नौकांच्या तपासणीचा कायदा आपल्या देशांत १९१७ पासून होता. त्याच्या जागीं २०२१ सालीं नवा कायदा आला. तपासणीचा दाखला नसेल तर नौकेनें उतारू घेऊं नयेत, असा त्याचा दंडक. पुलाच्या पोटांतील तारा मात्र कोणाच्या डोळ्यांस दिसत नाहींत. ज्याची झीज दिसते त्याची काळजी घेतली जाते; ज्याची दिसत नाहीं तें एके दिवशीं न सांगतां खचतें. हें पुलांप्रमाणेंच माणसांस व संस्थांसहि लागू आहे.

पूल पडतांच फेरीबोटींस परत बोलावणें आलें. राजधानी व उत्तर गोवा यांमधील दळणवळणाचा मोठा भार पुन्हा त्यांच्यावर पडला. पावसाळ्याचें पाणी, वाऱ्याचा जोर, धक्क्यावर ताटकळणाऱ्या लोकांची दाटी, हें सर्व सोसून खलाशांनीं फेऱ्या घातल्या. लोकांस सोळा वर्षांत जी संवय लागली होती ती एका दिवसांत मोडली, आणि जी संवय ते विसरले होते ती एका दिवसांत पुन्हा शिकावी लागली. जर १९७० नंतर सर्व बोटी भंगारांत काढल्या असत्या, धक्के बुजविले असते आणि तांडेलांस घरीं पाठविलें असतें, तर १९८६ च्या जुलैंत पणजीची काय अवस्था झाली असती, याची कल्पनाच करवत नाहीं. नवा पूल १९९२ सालीं वाहतुकीस खुला झाला; त्यानंतर त्याच्या जोडीस दुसरा आला; आणि २०१९ च्या जानेवारींत अटल सेतु हा तिसरा उंच पूल सुरू झाला. जुवारीवरहि २०२२ च्या डिसेंबरांत नव्या पुलाचा पहिला भाग खुला करण्यांत आला.

एवढे पूल झाले तरी फेरीबोट संपलेली नाहीं. गोवा सरकारच्या नदी परिवहन खात्याची कचेरी बेतीसच आहे, आणि पुलांच्या सावलींतून पणजी-बेती फेरी अद्याप चालते. दिवाडी व चोडण या बेटांवरील लोकांचा तर ती प्राणच आहे. दिवाडीच्या टेकडीवर पियेदाद मातेचें देऊळ आहे; आणि याच बेटावरील सप्तकोटेश्वर देवाचें स्थान पोर्तुगीज काळांत नदीपलीकडे नार्व्यास गेलें, जेथील मंदिराचा जीर्णोद्धार शिवाजी महाराजांनीं १६६८ सालीं करविला. दिवाडीची एक फेरी जुन्या गोव्याकडे जाते, दुसरी नार्व्याकडे. ख्रिस्ती व हिंदु भाविक एकाच बोटीच्या कठड्यास टेंकून आपापल्या देवस्थानांस जातात. २१ नोव्हेंबर २०२४ ते ५ जानेवारी २०२५ या काळांत संत फ्रान्सिस झेवियर यांच्या पवित्र अवशेषांचें दर्शन जुन्या गोव्यांत झालें, तेव्हां जगाच्या कानाकोपऱ्यांतून आलेल्या यात्रेकरूंस या नदीचें व तिच्यावरील बोटींचें दर्शन सहजच घडलें.

चोडण-रायबंदर या उतारावर २०२५ च्या जुलै महिन्यांत ‘गंगोत्री’ व ‘द्वारका’ या नांवांच्या दोन नव्या मोठ्या बोटी सुरू झाल्या. यांस रो-रो म्हणतात; वाहन एका बाजूनें चढतें व दुसऱ्या बाजूनें सरळ उतरतें. जुन्या बोटीप्रमाणें नदींत वळण घेण्याचें किंवा मागें मागें चालण्याचें कारण नाहीं. महाराष्ट्रांतहि दाभोळ व धोपावे यांमध्यें वाशिष्ठीच्या खाडीवर २००३ पासून, आणि मुंबईचा भाऊचा धक्का व मांडवा यांमध्यें २०२० पासून, मोटारी वाहून नेणाऱ्या बोटी सुरू झाल्या. सारांश, फेरीचा धंदा मेला नाहीं. एका पिढीच्या बोटीनें दुसऱ्या पिढीच्या बोटीस जागा करून दिली, इतकेंच.

जुन्या बोटीची निवृत्ति कशी होते तेंहि ऐकावें. एके वर्षीं तपासणींत पत्रा इतका पातळ भरतो कीं ठिगळावर ठिगळ लावणें परवडत नाहीं. मग यंत्र काढून घेतात, साखळदंड सोडवितात, आणि उरलेलें लोखंड लिलावांत वजनावर विकलें जातें. तिच्या हजारों फेऱ्यांचा, तिनें पार केलेल्या वरातींचा, वेळेवर पोंचविलेल्या रुग्णांचा त्या वजनांत कांहीं भाव धरला जात नाहीं. तो भाव धरण्याचें काम तराजूचें नव्हे, स्मृतीचें आहे.

तथापि जुन्याच्या प्रेमांत न्यायबुद्धि सोडूं नये. पूल हा शत्रु नव्हे. ज्या बेटावर पूल नाहीं तेथें रात्रीं फेरी थांबली म्हणजे आजारी माणसास व अडलेल्या स्त्रीस पाण्याकडे पाहत बसावें लागतें. वादळांत बोट सुटत नाहीं. विद्यार्थ्याची परीक्षा असो कीं मजुराची पाळी असो, धुकें कोणाची गय करीत नाहीं. या अडचणी ज्यांनीं भोगल्या नाहींत त्यांनीं बेटवासीयांस ‘तुमची बोट किती रम्य!’ असें म्हणून पुलाची मागणी सोडावयास सांगणें हा अन्याय होईल. आमचें म्हणणें इतकेंच कीं, नवा पूल बांधतांना जुना धक्का मोडूं नये, आणि नव्या सेवकाचा सत्कार करतांना जुन्यास दाराबाहेर काढूं नये.

आणि आतां आमच्या गांवाकडे परत येऊं. बुटीबोरी हें नदीकाठचें बंदर नसलें तरी वाटांचें बंदर आहे. उत्तर-दक्षिण जाणारा ४४ क्रमांकाचा राष्ट्रीय महामार्ग येथून जातो. तुळजापूर, यवतमाळ, वर्धा या बाजूनें येणारा ३६१ क्रमांकाचा महामार्ग येथें येऊन मिळतो. नागपूर-वर्धा रेल्वेमार्गावरील आमच्या स्थानकापासून उमरेडकडे फांटा फुटतो. औद्योगिक वसाहत उभी राहिल्यापासून येथील रहदारी पुराच्या पाण्यासारखी वाढली. ती ओसरावी म्हणून चौकावर उड्डाणपूल बांधला गेला, व २०२१ सालीं तो खुला झाला. २०२४ च्या डिसेंबरांत, नाताळच्या अगदीं तोंडावर, त्यास तडा गेला आणि तो वाहतुकीसाठीं बंद करावा लागला. गाड्या पुन्हा खालच्या जुन्या रस्त्यावर आल्या. गोव्यांत पवित्र दर्शनाची यात्रा चालू होती, त्याच दिवसांतली ही गोष्ट. मांडवीवर जें १९८६ सालीं घडलें, त्याची लहानशी प्रतिकृति आमच्या दारांत घडली. पूल थकला, आणि जुना रस्ता कामास आला.

वाचकहो, यावरून आम्ही कोणास दोष देऊं इच्छीत नाहीं. दोष शोधण्याचें काम ज्यांचें त्यांनीं करावें. आम्हांस बोध घ्यावयाचा आहे तो आमच्यापुरता. नागपूरचा धर्मप्रांत १८८७ सालीं स्थापन झाला व १९५३ सालीं तो महाधर्मप्रांत झाला. या दीर्घ काळांत बैलगाडीनें गांवोगांव हिंडणारे उपदेशक, देवळाची घंटा वाजविणारे, वेदीचीं फुलें सजविणारे, शाळेचें आवार झाडणारे, रोग्यांच्या उशाशीं जागणारे असे किती सेवक होऊन गेले! त्यांपैकीं पुष्कळ आज वृद्ध होऊन घरांच्या ओसरीवर बसले आहेत. कोणाचे डोळे अधू झाले, कोणाचे गुडघे. नव्या पिढीच्या हातीं कामें आलीं हें योग्यच झालें. पण त्यांच्या पायांखालचा धक्का आपण मोडला नाहींना, हें प्रत्येकानें पाहावें.

महोत्सवानिमित्त एक लहानशी विनंति करून हा लेख पुरा करतों. आपल्या धर्मग्रामांतील प्रत्येक कुटुंबानें आपल्या घरांतील किंवा शेजारच्या एका वृद्ध सेवकाजवळ एक सायंकाळ बसावें, त्यानें काय काम केलें, कोणत्या सालीं केलें, कोणाबरोबर केलें, तें वहींत लिहून घ्यावें, आणि ती वही धर्मगुरूंच्या स्वाधीन करावी. बोटीचा पत्रा दरवर्षीं मोजतात म्हणून ती तरते. माणसांचीहि विचारपूस दरवर्षीं झाली तर कोणी एकाकी खचणार नाहीं. आणि पुढील महोत्सवाच्या पुस्तिकेंत मुक्या सेवकांचें पान कोरें राहणार नाहीं.